धा मास्तरांचे आठ

चौकशीचा कागद आला तेव्हा मुनवर मास्तर दारात बसून गुडघ्याला तेल चोळत होते. कागद आणणारा शिपाई त्यांच्याच हाताखाली कवायत शिकलेला होता. त्यामुळे त्या बिचाऱ्याला कागद हातात कोंबून पळता येईना. तो उंबऱ्याशी घुटमळत राहिला. मास्तरांनी कागद वाचला, त्याची घडी घातली आणि मनातल्या मनात दहापर्यंत मोजलं. काहीही बोलण्याआधी दहा मोजायची त्यांची जुनी खोड होती.

"मंगळवारी धा वाजता. येतो म्हणून सांग," ते म्हणाले.

आतून त्यांच्या बायकोनं, फरिदाबींनी, विचारलं, "क्या आया जी?"

"मॅच आली," मास्तर म्हणाले आणि पुन्हा गुडघा चोळू लागले.

धाराशिवात मुनवर खाँ कोण असं विचारलं असतं तर चार माणसांनी चार दिशा दाखवल्या असत्या. धा मास्तर म्हटलं की मात्र शेंबडं पोरही दारापर्यंत आणून सोडायचं. सरकारी शाळेत ते ड्रिल मास्तर आणि वर्षातून तीन-चार वेळा बॉक्सिंगचे पंच. पडलेल्या गड्याजवळ एक गुडघा टेकून ते मोठ्यानं आकडे मोजत, आणि दहा झाल्याशिवाय कुणालाही निकाल लागला असं म्हणू देत नसत. त्यावरून हे नाव पडलं. मास्तरांना ते आवडायचं की नाही, हे त्यांनी कधी कळू दिलं नाही.

आता बॉक्सिंग ही काही आपल्या मुलखातली विद्या नव्हे. मास्तर एकोणिसाव्या वर्षी हैदराबादजवळच्या बोलारमच्या छावणीत भरती झाले, तिथं ते हातमोजे घालायला शिकले आणि दुसऱ्याच सामन्यात नाक मोडून घेतलं. "तुझा जबडा कच्चा आहे, पण डोळा पक्का आहे," असं म्हणून तिथल्या उस्तादानं त्यांना मारामारीतून काढलं आणि मोजणीला लावलं. चोवीस साली एक शिट्टी, एक दाखला आणि कापडी बुटांचा एक जोड एवढी कमाई घेऊन ते परत आले. दोनदा हैदराबादेला मोठ्या सामन्यांत त्यांना जज म्हणून बसवलं. जजचं काम त्यांना फार आवडलं. खुर्चीवर बसायचं, गुणांचे आकडे कागदावर लिहायचे, कागद पुढं सरकवायचा. कुणाच्या डोळ्यांत बघावं लागत नाही. पंचाला मात्र बघावं लागतं, आणि धाराशिवात पंच एकच होता.

इथल्या लोकांनी बॉक्सिंग पहिल्यांदा बघितलं तेव्हा ते पोट धरून हसले. हाताला उशा बांधून कुठं मारामारी असते का, म्हणाले. मग हळूहळू गोडी लागली. शाळेच्या मैदानावर चार खांब रोवायचे, तीन पदरी दोर ओढायचा, खाली भुसा पसरून वर ताडपत्री घालायची. बेंबळी, कळंब, मुरुम, सगळीकडून गडी यायचे. पण हे सगळे कुस्तीत वाढलेले. पाठ लागली की संपलं, हे त्यांच्या रक्तात भिनलेलं. एखादा गडी ठोसा खाऊन उताणा पडला की लोक लगेच चितपट म्हणून ओरडायचे, टोप्या उडवायचे, आणि पडलेला गडीही मुकाट उठून घरची वाट धरायचा. त्याला दंडाला धरून परत आणावं लागे. "अरे, आमच्यात पाठ लागली म्हणून कुणी हरत न्हाय," मास्तर घसा फोडून सांगत. "धा मोजेपर्यंत पडलेल्याचा हक्क असतो. तवर त्याला कुणी हात लावायचा न्हाय."

दुसरं भांडण बरोबरीचं. दोन तोडीस तोड गडी असले की कुस्तीत बरोबरीत सोडवतात, दोघांनाही फेटा मिळतो, गावंही खूश राहतात. तीन फेऱ्या झाल्या की लोक मास्तरांनाही तेच म्हणायचे, "सोडवा की मास्तर बरोबरीत. कशाला कुणाचं मन मोडता?" मास्तर दरवेळी एकच उत्तर द्यायचे, "आमच्यात बरोबरी नसते. कुणा एकाचा हात वर करावाच लागतो."

अशी चोवीस वर्षं त्यांनी लोकांना समजावण्यात घालवली. आणि त्यातल्या एका दुपारी ते स्वतःच विसरले.

फसली तेराशे पन्नासची गोष्ट, म्हणजे आपलं एकेचाळीस साल. निजामाच्या सालगिरहीचे, म्हणजे वाढदिवसाचे, खेळ होते. शेवटचा सामना बेंबळीचा कोंडीराम आणि मुरुमचा धोंडप्पा यांच्यात. जिंकणारा हैदराबादेला जाणार होता, आणि तिथं जो गेला त्याला नोकरी लागे हे सगळ्यांना माहीत होतं. दोघेही मास्तरांचेच शागीर्द. त्यातही कोंडीराम जरा जवळचा. दोन वर्षं दर रविवारी तो बेंबळीहून चालत यायचा, हातमोजे घालायचा आणि दिवसभर पोत्यावर ठोसे मारून परत चालत जायचा. मास्तरांनी त्याला एक गोष्ट पुन्हा पुन्हा घोकून दिली होती. "पडलास तर घाईनं उठू नको. लाज वाटून उठलास की दुसरा ठोसा खाशील. आठपर्यंत दम घे. आठाला ऊठ."

तिसऱ्या फेरीत धोंडप्पाचा उजवा हात बसला आणि कोंडीराम उताणा पडला. दोन्ही खांदे ताडपत्रीला टेकले. मुरुमकरांना आणखी काय हवं होतं? हलगी कडाडली, गुलाल उडाला आणि दोनेकशे माणसं दोराखालून आत घुसली. मास्तर गुडघा टेकून मोजत होते. सहा म्हणेपर्यंत धोंडप्पा लोकांच्या खांद्यावर होता. सात म्हणताना एक खांबच कलला. आठ म्हटलं आणि समोर बघतात तर कोंडीराम उभा. दोन्ही हात हनुवटीपाशी, पाय जागेवर, अगदी शिकवल्यासारखा. तो मास्तरांकडं बघत होता.

मास्तरांनी फक्त एक शब्द बोलायचा होता. चालू द्या, एवढाच. पण त्या शब्दासाठी धोंडप्पाला खांद्यावरून खाली उतरवावं लागलं असतं, बांधलेला फेटा सोडावा लागला असता, दोनशे माणसं दोराबाहेर हाकलावी लागली असती, आणि समोर खुर्च्यांवरून उठून टाळ्या वाजवणाऱ्या बड्या लोकांना पुन्हा खाली बसा म्हणावं लागलं असतं. सकाळपासून मास्तरांनी नऊ सामने उभ्यानं केले होते. घसा बसला होता. त्यांनी कोंडीरामकडची नजर काढून घेतली, गर्दीत शिरले आणि धोंडप्पाचा हात वर केला.

कोंडीरामनं दातांनी नाड्या सोडून हातमोजे काढले, ताडपत्रीवर शेजारी शेजारी नीट ठेवले आणि निघून गेला. पुढच्या रविवारी तो आला नाही. त्याच्यानंतरच्या कुठल्याच रविवारी आला नाही.

धोंडप्पा हैदराबादेला गेला, पहिल्याच फेरीत मार खाऊन बाहेर पडला, पण रेल्वेत चिकटला. कोंडीराम बेंबळीत राहिला. शेती केली, कडब्याच्या गाड्या भरून धाराशिवला आणू लागला. गाडी सोडायची जागा नेमकी शाळेच्या मैदानाकडेच्या लिंबाखाली. मास्तर मैदानात पोरांना डावा-उजवा करायचे आणि तो लिंबाखाली बैलांना वैरण टाकायचा. सात वर्षांत एकमेकांना रामराम म्हणून नाही. मास्तरांनी त्यानंतर प्रत्येक सामन्यात दहाच्या दहा आकडे घसा ताणून मोजले. गडी तिसऱ्या आकड्याला उठून उभा राहिला तरी यांचं चालूच. धा मास्तर हे नाव खरं तर तेव्हा पडलं. लोक हसायचे. लिंबाखालचा माणूस कधी हसला नाही.

मग अठ्ठेचाळीस साल उजाडलं. उन्हाळ्यात एके दिवशी रजाकारांची दहा-बारा माणसं शाळेत आली आणि आमच्या पोरांना कवायत शिकवा म्हणाली. मास्तर नाही म्हणाले असते तर गोष्ट इथंच संपली असती आणि ती फार छान गोष्ट झाली असती. पण मास्तरांची पाचावर धारण बसली. ते गेले. डावा-उजवा केलं, रांगा लावल्या, काठ्या खांद्यावर घ्यायला शिकवल्या. घरी येऊन ते भिंतीकडं तोंड करून पडायचे. आठव्या दिवशी त्या लोकांनी गवताचा एक माणूस करून मैदानात आडवा घातला आणि म्हणाले, आता याला मारायला शिकवा. मास्तर त्या पडलेल्या बाहुल्याकडं बघत राहिले. मग त्यांनी शिट्टी गळ्यातून काढली, खाली ठेवली, गुडघा धरला आणि लंगडत घरी आले. दुसऱ्या दिवशी माणसं घरी आली, गुडघ्याला बांधलेला एरंडाचा पाला बघून शिव्या देऊन गेली. मास्तरांनी यात काही शौर्य केलं असं मी म्हणणार नाही, आणि मास्तरही म्हणत नसत.

सप्टेंबरात पोलीस ॲक्शन झाली. निजाम गेला. पुढचे काही दिवस कसे गेले ते फरिदाबी कधी बोलल्या नाहीत. त्यांचा भाऊ बाबामियाँ बाजाराला म्हणून गेला तो परत आला नाही, आणि त्याच्या चपला अजून त्यांच्या दाराआड होत्या. मास्तरांची नोकरी थांबवण्यात आली. लेक अजीजाबी हैदराबादेहून निरोपावर निरोप पाठवत होती, इकडं निघून या. मास्तर जात नव्हते. आणि आता एकोणपन्नासात हा कागद. रजाकारांना महिनाभर हत्यारांचं शिक्षण दिलं, असा आरोप होता. सिद्ध झाला तर तुरुंग.

सोमवारी दिवस मावळताना कळंबचे वकील आण्णासाहेब आले. तेही मास्तरांच्या हाताखाली कवायत शिकलेले, आणि आता फुकट उभं राहायला तयार. माणूस भला होता, पण वकील होता.

"मास्तर, काळजी सोडा," ते म्हणाले. "डोळ्यांनी बघितलेला साक्षीदार एकच आहे. बाकीचे सगळे ऐकीव. आणि तो कोण, तर बेंबळीचा कोंडीराम."

मास्तरांचा गुडघ्यावरचा हात थांबला.

"त्याच्या शब्दाला वजन आहे, हे खरं. बार्शीच्या बाजूच्या, रजाकारांशी लढणाऱ्या कॅम्पांकडं निरोप पोचवायचा तो. पण मी खेळांचं रजिस्टर काढून बघितलं. एकेचाळीसला तो तुमच्या पंचगिरीत हरलेला आहे. बरं का, मी उद्या तुम्हाला साहेबांसमोर एकच प्रश्न विचारणार. हा माणूस तुमच्या निकालानं हरला होता का? तुम्ही फक्त हो म्हणायचं. झालं. मग मी म्हणतो, साहेब, जुनं वैर आहे, याची साक्ष धरू नका. तुम्हाला खोटं बोलायला नको, काही नको. रजिस्टरात तुमचीच सही आहे."

"तो काय सांगणार हाय?"

"काय सांगणार? महिनाभर शिकवत होता म्हणणार. त्याच्या जागी मी असतो तर वर्षभर म्हणालो असतो."

फरिदाबी दाराआडून ऐकत होत्या. आण्णासाहेब गेल्यावर त्या म्हणाल्या, "वकील सांगत्यात तसं बोला जी. एक हौ तर म्हणायचं हाय." मास्तरांनी दहा मोजले आणि भिंतीकडं तोंड करून पडले. त्यांना फार थकवा आला होता. हा थकवा त्या दिवसाचा नव्हता. आठ वर्षं तो अंगात मुरला होता आणि झोपेनं जात नव्हता.

मंगळवारी कचेरीच्या ओसरीवर टेबल मांडलं होतं. साहेब नवे, पुण्याकडचे, तरुण आणि घाईत. मास्तर एका बाजूला उभे, दुसऱ्या बाजूला कोंडीराम. बत्तिसाव्या वर्षीच त्याच्या कानशिलावर पांढरं दिसू लागलं होतं. आण्णासाहेबांनी रजिस्टर उघडून टेबलावर ठेवलं.

"मास्तर, हा समोरचा साक्षीदार एकेचाळीस सालच्या सामन्यात तुमच्या निकालानं हरला होता, हे खरं आहे का?"

साहेबांनी पेन उचललं. मास्तर कोंडीरामकडं बघत होते. त्यांचे ओठ किंचित हलत होते. ज्यांना त्यांची सवय माहीत होती त्यांना कळलं की मास्तर मोजताहेत.

"न्हाय," मास्तर म्हणाले. "तो हरला नव्हता."

आण्णासाहेबांना वाटलं, मास्तरांना ऐकू नीट गेलं नाही. त्यांनी रजिस्टरावर बोट ठेवलं. "मास्तर, इथं तुमच्याच अक्षरात लिहिलंय."

"मीच लिहिलं. चुकीचं लिहिलं. साहेब, हा पडला व्हता, पण आठाला उठून उभा राहिला. उभ्या माणसाला मी हरवला. लोक आत घुसले व्हते, मी मोजायचं सोडून दिलं. ते तेवढं दुरुस्त करून घ्या."

"याचा या चौकशीशी काय संबंध?" साहेबांनी कपाळाला आठ्या घातल्या.

"वकीलसाहेबांनी इचारलं म्हणून सांगितलं," मास्तर म्हणाले.

आण्णासाहेब खाली बसले. रजिस्टर त्यांनी आवाज न करता मिटलं. आता साक्षीदाराला अडवायला त्यांच्याजवळ काहीही उरलं नव्हतं, आणि हे मास्तरांनाही समजत होतं. ओसरीच्या खांबाला त्यांनी हात टेकला.

साहेब कोंडीरामकडं वळले. "तुम्ही यांना रजाकारांची कवायत घेताना पाहिलंत?"

"व्हय."

"किती दिवस?"

कोंडीरामची नजर मास्तरांवर होती.

"आठ दिस," तो म्हणाला.

"तक्रारीच्या अर्जात महिना लिहिलंय."

"अर्ज कुनी लिव्हला मला ठावं न्हाय. म्या रोज गाडी घिऊन तितं लिंबाखाली असायचो. आठ दिस. आठव्या दिशी त्येंनी गवताचा मानूस आडवा घातला आन् मास्तरांना म्हनले, पडलेल्याला कसं मारायचं शिकवा. मास्तरांनी शिट्टी खाली ठिवली आन् घरी गेले. परत आले न्हाईत."

"स्वतःहून गेले?"

"लंगडत गेले. गुडगा धरून." कोंडीराम जरा थांबला. "पर साहेब, शिट्टी ठिवून लिंबापतूर आले तवर लंगडत नव्हते. लिंबापशी आल्यावर लंगडाया लागले."

ओसरीवरची माणसं हसली. मास्तरांनी मान खाली घातली. आपल्याला त्या दिवशी कुणी बघितलं नाही असं ते इतके दिवस धरून चालले होते.

साहेब हसले नाहीत. "म्हणजे आठ दिवस तरी शिकवलंच. मास्तर, हे कबूल आहे?"

"कबूल हाय. आठच दिस."

"मग झालं," साहेब म्हणाले आणि लिहू लागले.

"न्हाय झालं, साहेब," कोंडीराम म्हणाला. त्याचा आवाज चढला नव्हता, पण साहेबांचं पेन थांबलं. "आठावर मानूस पडला आसं धरत न्हाईत. धा व्हावं लागत्यात. आठाला उटला म्हंजी त्यो उबा हाय. ह्यो त्येंचाच कायदा हाय, त्येंनीच मला शिकिवला."

साहेबांना यातलं किती कळलं कोण जाणे. आण्णासाहेबांना मात्र पुरतं कळलं, आणि त्यांनी घाईघाईनं उठून धाक, जबरदस्ती, स्वतःहून माघार असले चार वकिली शब्द कोंडीरामच्या बोलण्याला जोडून दिले. साहेबांनी बराच वेळ कागद वरखाली केले. मग महिनाभराच्या शिक्षणाचा आरोप शाबीत होत नाही असं लिहिलं, मास्तरांना ताकीद दिली आणि घरी जायला सांगितलं. नोकरीचं वर कळवू, म्हणाले. ते वर कळवणं म्हणजे काय असतं हे मास्तरांना ठाऊक होतं. मैदान गेलंच होतं.

मास्तर पायऱ्या उतरून खाली आले तेव्हा कोंडीराम गाडी जुंपत होता. आजूबाजूला कुणी नव्हतं, फक्त कागद आणणारा तो शिपाई दाराशी उभा होता.

"कोंडीराम."

"बोला मास्तर."

"माझ्यासाठी बोललास..."

"तुमच्यासाठी न्हाय." कोंडीरामनं जोताची गाठ ओढली. "तुमचे आठ म्हंजी हार धरली, तर माझे आठ बी हारच झाले की. आठ वर्सं म्या त्येवढंच धरून बसलोय, की आपुन हरलो न्हाय. आज तुमाला कसं पाडू?"

बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांचा आवाज येत राहिला.

"येक सांगा," कोंडीराम म्हणाला. त्यानं हे वाक्य पुष्कळ वर्षं जपून ठेवलेलं असावं. "तवा का थांबलात? मुरुमच्या लोकांनी काय दिलं व्हतं? का बड्या लोकांचं भ्या वाटलं?"

"न्हाय."

"मग?"

खोटं बोलण्यात आता काही फायदा नव्हता. बड्या माणसाचा दाब होता असं म्हटलं असतं तर कोंडीरामलाही बरं वाटलं असतं. मोठ्या कारणानं आयुष्य फिरलं तर माणूस सोसतो. मास्तरांनी दहा मोजले नाहीत.

"थकलो व्हतो," ते म्हणाले.

कोंडीराम त्यांच्याकडं बघत राहिला. "येवढंच?"

"येवढंच. सकाळपासनं उभा व्हतो. त्या लोकांना बाहेर काढायचं जिवावर आलं."

कोंडीराम जुवावर हात टेकून उभा राहिला. रागवावं की हसावं हे त्याला ठरवता येत नव्हतं असं दिसलं. "आन् म्या काय काय धरून बसलो व्हतो," तो शेवटी म्हणाला. मग नुसतीच मान हलवली. "ऱ्हाऊ द्या मास्तर. सोडवा आता बरोबरीत."

"आमच्यात बरोबरी नसते," मास्तर म्हणाले.

त्यांनी पुढं होऊन कोंडीरामचं मनगट धरलं. कोंडीराम त्यांच्यापेक्षा वीतभर उंच, आणि मास्तरांच्या खांद्यात आता जोर राहिला नव्हता. हात कसाबसा छातीपर्यंत वर गेला. कोंडीरामनं तो ओढून घेतला नाही, वर करायला मदतही केली नाही. जुवाच्या घट्ट्यांनी खडबडीत झालेला तो हात होता, हैदराबादेला जायचा राहिलेला. दाराशी उभा असलेला शिपाई नकळत सावधान झाला.

"बास," कोंडीराम म्हणाला. मग मास्तरांच्या पायाकडं बघून म्हणाला, "बसा गाडीत. आज खरंच लंगडताय."

कडबा विकून झालेल्या रिकाम्या गाडीत मास्तर पाय लांब करून बसले होते आणि खड्ड्याखड्ड्याला त्यांचा गुडघा कळ मारत होता. फरिदाबी दारातच उभ्या होत्या, सकाळपासून तिथंच असाव्यात. गाडीतून मास्तरांना उतरताना बघून त्यांनी पदर तोंडाला लावला आणि थोडा वेळ तसाच धरून ठेवला. कोंडीरामनं त्यांना रामराम केला, बैल वळवले आणि बेंबळीच्या वाटेला लागला.

"सोड्या तुमकू?" फरिदाबींनी विचारलं.

"सोडलं."

"मग वकील जीत्या म्हणायचा."

मास्तर लांब जाणाऱ्या गाडीकडं बघत होते. "न्हाय. कोंडीराम जिंकला."

"अन् तुम्ही?"

मास्तर उंबऱ्यावर बसले आणि गुडघ्यासाठी तेलाची वाटी जवळ ओढली.

"मी कुठं खेळत व्हतो?" ते म्हणाले. "मी पंच व्हतो."